वसंतसेना आणि श्यामची आई

'श्यामची आई' म्हटले की डोळ्यांपुढे जी मूर्ती उभी राहते, ती उज्जैनच्या एका लेकीची आहे, हे आपल्यांतील किती घरांस ठाऊक असेल? साने गुरुजींच्या पुस्तकावरून आचार्य अत्रे यांनी १९५३ साली हा बोलपट काढला आणि १९५४ साली राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक त्याला मिळाले. त्यातील आई म्हणजे वनमालाबाई. मूळच्या सुशीला पवार. जन्म १९१५ सालचा, याच नगरीतला. वडील कर्नल बापूराव पवार हे ग्वाल्हेर दरबारचे बडे अधिकारी.

अशा घरची मुलगी बी. ए. झाली, पुण्यास शिक्षिका झाली. येथवर सारे कुळास साजेसे होते. १९४० साली 'लपंडाव'मधून ती पडद्यावर आली आणि चक्र फिरले. पुढल्याच वर्षी सोहराब मोदींच्या 'सिकंदर'मध्ये पृथ्वीराज कपूर यांच्यासमोर तिने रुखसाना रंगविली. हिंदुस्थानभर नाव झाले. घरी मात्र वडिलांचा रोष ओढवला. त्या काळच्या मानकरी घराण्यांत याहून वेगळे काही घडते असे नाही.

याच सुमारास, १९४२ साली, 'वसंतसेना' बोलपट निघाला. शूद्रकाच्या 'मृच्छकटिका'ची नगरी म्हणजे आपलीच उज्जयिनी. उज्जयिनीची नायिका उज्जैनच्याच मुलीने साकारावी, यासारखा योग नाही. पण आपली रीत पाहा. देवलांच्या 'मृच्छकटिका'त बालगंधर्व वसंतसेना होऊन उभे राहिले, तेव्हा आपले आजोबा-पणजोबा 'वन्समोअर' देत होते. पुरुषाने गणिका रंगविली तर ती कला. घरच्या मुलीने रंगविली तर तो कुळाला बट्टा!

हा दुटप्पीपणा केवळ आपलाच नव्हे. मेक्सिकोची विख्यात नटी डोलोरेस देल रिओ हीही खानदानी, धनिक घरची. हॉलिवूड गाजवून ती मायदेशी परतली आणि १९४३ साली 'मारिया कांदेलारिया'त गावाने वाळीत टाकलेली गरीब मुलगी तिने रंगविली. त्या चित्रपटाचा पुढे १९४६ साली कान महोत्सवात गौरव झाला. घराण्याच्या चौकटीबाहेर पाऊल टाकणाऱ्या स्त्रीनेच देशाची मान उंचावली, असे दोन्हीकडे घडले.

'श्यामची आई'नंतर वनमालाबाई सर्वांना वंद्य झाल्या. पुढे त्यांनी चित्रसृष्टी सोडली, वृंदावनात कृष्णभक्ती व कलासाधना केली, आणि २००७ साली ग्वाल्हेरास त्यांनी देह ठेवला. या उत्तरायुष्याचा उल्लेख आपण आदराने करतो. आमचा प्रश्न एवढाच: आईची भूमिका आणि वृंदावन एवढेच आपल्याला चालावे, आणि रुखसाना, वसंतसेना विसराव्यात, हे कसे? श्यामच्या आईच्या डोळ्यांत जे कारुण्य उतरले, त्यामागे बारा-तेरा वर्षांची कॅमेऱ्यापुढची तपश्चर्या होती. ती करण्याचे धैर्य १९४० साली त्या तरुण मुलीने दाखविले नसते, तर आपल्याला श्यामची ती आई लाभली नसती.

आज आपल्या मुली नाट्यविद्यालयांत जातात, पडद्यावर दिसतात. तरीही स्थळ पाहताना 'मुलगी नाटकात काम करते' हे वाक्य अजून हलक्या आवाजात उच्चारले जाते. ज्या घरांत 'श्यामची आई' आवर्जून मुलांना दाखवितात, त्याच घरांत हे घडावे याचा खेद वाटतो.

क्षिप्रेकाठी कार्तिकात कालिदास समारोह होतो, संस्कृत नाटके रंगतात. त्या दिवसांत मुलांना मृच्छकटिकाची गोष्ट सांगताना, ती वसंतसेना आपल्याच गावच्या एका मुलीने रंगविली होती, हेही सांगावे. आणि आवाज खाली न करता सांगावे.