स्तंभ उभे राहिले, साक्षी कुठे आहेत?

१३ डिसेंबर ही तारीख भुदरगड तालुका सहसा विसरणार नाही. १९४२ साली याच दिवशी भूमिगत क्रांतिकारकांच्या एका तुकडीने गारगोटीच्या कचेरीवर चाल केली. पोलिसांच्या गोळीबारात सात तरुण धारातीर्थी पडले. त्यांतील करवीरय्या स्वामी आणि नारायण वारके यांची नावे त्या परिसरातील सहकारी सूतगिरणीने धारण केली आहेत. हुतात्म्यांचे स्मारक आहे, पुष्पचक्रे आहेत, भाषणे आहेत. परंतु हा बेत कोणी आखला, माणसे कोणत्या वाटांनी आली, शस्त्रे किती होती, डाव नेमका कुठे फसला आणि वाचलेल्यांना पुढचे दिवस कोणी आसरा दिला, हे प्रत्यक्ष भाग घेतलेल्यांच्या शब्दांत वाचावेसे वाटले तर कोल्हापूरच्या एखाद्या जिज्ञासू तरुणाने कोणते दार ठोठवावे? या प्रश्नाचे सरळ उत्तर आपल्यापाशी नाही, ही खरी खंत आहे.

ज्या देशाकडे पाहून आपल्या मागील पिढ्यांनी स्वातंत्र्याचे धडे गिरवले, त्या आयर्लंडने हा प्रश्न कसा हाताळला, हे या संदर्भात पाहण्यासारखे आहे. साहित्यसम्राट न. चिं. केळकर यांनी १९०९ मध्येच मराठीत आयर्लंडचा इतिहास लिहिला होता. १८ एप्रिल १९३० रोजी चितगावच्या शस्त्रागारावर छापा घालणाऱ्या सूर्य सेन यांच्या सहकाऱ्यांनी तर आपल्या दलाचे नावच आयरिश धर्तीवर घेतले आणि १९१६ च्या ईस्टरच्या उठावाची आठवण म्हणून गुड फ्रायडेचा दिवस निवडला. डॅन ब्रीन या आयरिश गनिमाचे १९२४ मधील आत्मकथन बंगालच्या क्रांतिकारकांत हातोहाती फिरत होते. एका देशातील लढवय्याने लिहून ठेवलेले चार शब्द हजारो मैलांवरच्या दुसऱ्या पारतंत्र्यात ठिणगी टाकतात. आठवणींच्या पुस्तकाचे सामर्थ्य याहून अधिक कोणत्या शब्दांत सांगावे?

पण आयर्लंड केवळ पुस्तकांवर विसंबून राहिला नाही. स्वातंत्र्ययुद्ध संपून पाव शतक उलटल्यावर, १९४७ मध्ये, तेथील शासनाने या लढ्याच्या साक्षी गोळा करण्यासाठी एक स्वतंत्र कार्यालय स्थापन केले. पुढील दहा वर्षे प्रशिक्षित अधिकारी गावोगाव फिरले. सेनापतींपासून निरोप पोहोचवणाऱ्या मुलींपर्यंत अनेकांचे जबाब त्यांनी नोंदवले. अशा १,७७३ साक्षी जमल्या आणि कुलूपबंद केल्या गेल्या. साक्षीदार हयात असेतो त्या उघडल्या जाणार नाहीत, या आश्वासनामुळेच अनेकांनी मनमोकळेपणे सांगितले. २००३ मध्ये तो संग्रह अभ्यासकांना खुला झाला. आज जगातील कोणीही तो घरबसल्या वाचू शकतो.

आता आपल्याकडे पाहू. १९४३ ते १९४६ या काळात तेव्हाच्या सातारा जिल्ह्यात क्रांतिसिंह नाना पाटील यांच्या नेतृत्वाखाली जे प्रतिसरकार चालले, ते भारतीय स्वातंत्र्यलढ्यातील एक अपूर्व पर्व होते. तुफान सेनेच्या तरुणांनी ७ जून १९४३ रोजी शेणोलीजवळ रेल्वेतील पगाराची रक्कम लुटली. पुढे १४ एप्रिल १९४४ रोजी थेट धुळे जिल्ह्यातील चिमठाण्याजवळ सरकारी खजिना ताब्यात घेण्यात आला. २४ जुलै १९४३ रोजी वसंतदादा पाटील आणि त्यांचे सहकारी सांगलीचा तुरुंग फोडून बाहेर पडले. त्या झटापटीत दोन सहकाऱ्यांना वीरमरण आले आणि दादांनी खांद्यावर गोळी झेलली.

हे केवळ धाडसाचे पर्व नव्हते. गावोगाव न्यायनिवाडे झाले, दारूबंदी राबवली गेली, अल्प खर्चातील 'गांधी विवाह' लागले. चार वर्षे हे टिकले कसे? त्याचे एक कारण भूगोलात आणि राज्यव्यवस्थेत दडलेले आहे. ब्रिटिश मुलखाच्या कुशीत औंध, सांगली, मिरज, कोल्हापूर अशा संस्थानांच्या हद्दी एकमेकींत गुंतलेल्या होत्या. तुफान सेनेचे केंद्र असलेले कुंडल औंध संस्थानात होते. हद्द ओलांडली की पोलिसांचा अधिकार बदलत असे. या वाटा ठाऊक असलेला शेतकरी, गुराखी, पाटील आणि भाकरी बांधून देणारी माऊली हेच या राज्याचे खरे किल्लेदार होते.

त्यांचे कथन कुठे आहे? काही नेत्यांनी लिहिले. क्रांतिअग्रणी जी. डी. बापू लाड यांनी आपली संघर्षयात्रा शब्दबद्ध केली. प्रा. ए. बी. शिंदे यांनी या समांतर सरकारवर इंग्रजीत ग्रंथ सिद्ध केला. अमेरिकेत जन्मलेल्या आणि कासेगावला आपले घर मानणाऱ्या गेल ऑम्व्हेट यांनी या विषयावर परिश्रमपूर्वक लिहिले. अलीकडच्या काळात पत्रकार पी. साईनाथ यांनी वृद्ध सैनिकांच्या घरी जाऊन त्यांचे बोल टिपले. या मंडळींच्या विचारांशी आमचे मतभेद आहेत आणि राहतील. परंतु ज्याने साक्ष वाचवली, त्याचे ऋण मान्य करण्यात मतभेद आड येऊ नयेत. नाना पाटलांच्या कन्या हौसाताई पाटील यांनी भवानीनगरच्या पोलीस ठाण्यासमोर भांडणाचे नाटक वठवले आणि पोलीस ते सोडवण्यात गुंतले असताना सहकाऱ्यांनी बंदुका लांबवल्या, हा प्रसंग खुद्द त्यांच्या तोंडून जगाला कळला तो अशाच भेटींमुळे. कोल्हापुरात गव्हर्नर विल्सनच्या पुतळ्यावर हात टाकणाऱ्या भागीरथीबाई तांबट आणि जयाबाई हविरे यांची नावे आपण आदराने घेतो. त्यांच्या मनात त्या क्षणी काय होते, हे त्यांच्याच शब्दांत किती जणांनी वाचले आहे?

दुसरी अडचण अधिक नाजूक आहे. स्वातंत्र्यानंतर प्रतिसरकारचे शिलेदार वेगवेगळ्या वाटांनी गेले. नाना पाटील साम्यवादी पक्षात गेले, बापू लाड शेतकरी कामगार पक्षात, वसंतदादा काँग्रेसमध्ये राहून मुख्यमंत्री झाले. साहजिकच आठवणींवर पक्षांचे रंग चढले आणि एकाच घटनेचे श्रेय अनेकांच्या खात्यावर जमा झाले. आयर्लंडमध्ये तर याहून दारुण घडले. १९२१ च्या तहावरून कालचे सोबती एकमेकांवर बंदुका रोखून उभे राहिले. म्हणूनच साक्षी गोळा करताना तेथील कार्यालयाने १९१३ ते १९२१ एवढाच काळ घेतला आणि यादवीची ओली जखम बाजूला ठेवली. त्या मर्यादेवर टीका झाली, पण दोन्ही गटांची माणसे एकाच दप्तरात बोलती झाली, ही केवढी जमेची बाजू!

कोणी म्हणेल, म्हाताऱ्या सैनिकाच्या आठवणींवर इतिहास कसा उभारावा? स्मृती चुकते, अभिमान फुगवून सांगतो. हे खरेच आहे. २८ नोव्हेंबर १९२० रोजी किल्मायकल येथे टॉम बॅरीच्या तुकडीने ब्रिटिश दलावर छापा घातला. शत्रूने शरणागतीचे सोंग करून पुन्हा गोळ्या झाडल्या, म्हणून आपण कोणाला सोडले नाही, असे बॅरीने १९४९ च्या आपल्या आत्मकथनात लिहिले. १९९८ मध्ये पीटर हार्ट या इतिहासकाराने ते नाकारले आणि मोठे वादळ उठले. परंतु हा वाद होऊ शकला, कारण पडताळून पाहण्यासाठी कागद होते, इतर साक्षी होत्या.

आपल्याकडे 'पत्री सरकार' या नावाचेच पाहा. तळपायावर मारण्याच्या शिक्षेवरून हे नाव पडले असे सांगतात. ती शिक्षा नेमकी कशी होती, कोणाला झाली, तिच्यात कोठे अन्यायही घडला का, याविषयी कोणी कानावर हात ठेवतो, तर कोणी तिखटमीठ लावतो. पुरावा पुढे ठेवून बोलणारा विरळा. ज्यांनी शिक्षा दिली त्यांची, ज्यांनी ती भोगली त्यांची आणि पोलीस दप्तराची अशी तिन्ही साक्ष एकत्र आली, तर क्रांतिवीरांची थोरवी उणावणार नाही. सत्याची कसोटी सोसण्याइतके त्यांचे तेज खचितच अस्सल आहे.

साक्ष राहिली नाही, तर काय होते याचा अनुभव याच मातीला आहे. १८४४ मध्ये सामानगड, भुदरगड, पन्हाळ्याच्या गडकऱ्यांनी इंग्रजी सत्तेविरुद्ध उठाव केला. त्याची हकीकत आज आपण मुख्यतः इंग्रज अधिकाऱ्यांच्या लिखाणातून वाचतो. तिथे तो गडकरी बंडखोर आहे. त्याच्या मनातला गड आपल्याला दिसत नाही. उलट, विष्णुभट गोडसे यांनी १८५७ च्या धामधुमीत पाहिलेले लिहून ठेवले आणि ते १९०७ मध्ये छापले गेले, म्हणून झाशीचा वेढा मराठी डोळ्यांनी पाहता येतो. गोव्याच्या मुक्तीसाठी पोर्तुगीज ठाण्यांवर छापे घालणारे, सांगलीत जन्मलेले मोहन रानडे १९६९ मध्ये पोर्तुगालच्या तुरुंगातून सुटले. त्यांनी 'सतीचे वाण' लिहिले नसते, तर त्या एकांतवासाचे मोल कोणाला कळले असते? २ ऑगस्ट १९५४ रोजी सिल्वासा मुक्त करणाऱ्या स्वयंसेवकांनाही हीच गोष्ट लागू आहे. प्रसिद्धिपराङ्मुखता हा व्यक्तीचा गुण खरा, पण राष्ट्राच्या स्मृतीला तो परवडत नाही.

बापू लाड २०११ मध्ये गेले, नागनाथअण्णा नायकवडी २०१२ मध्ये. हौसाताई २०२१ मध्ये गेल्या. १९४२ साली वीस वर्षांचा असलेला तरुण आज शंभरी ओलांडून गेला. जबाब नोंदवण्याची वेळ बहुतांशी हातची गेली आहे. परंतु माळ्यावरच्या पेट्या अजून आहेत. त्यांत वॉरंटे आहेत, तुरुंगातली पत्रे आहेत, खटल्यांच्या नकला आहेत. मुलासुनांनी ऐकलेल्या गोष्टी आहेत. शिवाजी विद्यापीठ आणि कोल्हापूरचे पुरालेखागार यांनी एकत्र येऊन गावनिहाय मोहीम काढावी. ग्रामपंचायतींनी आणि शाळांनी कागद गोळा करावेत, त्यांच्या प्रती काढून मूळ कागद सन्मानाने घरी परत द्यावेत. ज्या कुटुंबांना संकोच वाटतो, त्यांचे कथन आयर्लंडप्रमाणे ठरावीक मुदतीपर्यंत बंद ठेवावे. पक्ष कोणता, जात कोणती, हे कोणी विचारू नये.

२०४२ मध्ये बेचाळीसच्या आंदोलनाची शताब्दी येईल. तेव्हा स्तंभांना नवा रंग लागेल, मिरवणुका निघतील, त्यात काही वावगे नाही. मात्र गारगोटीच्या स्मारकासमोर उभे असलेले एखादे मूल विचारील, 'ही सात माणसे नेमकी कोण होती?' त्याच्या हाती सात नावांची यादी ठेवायची की सात जीवनांची कहाणी, हे आपल्याला आज ठरवायचे आहे. कागदाला लागलेली वाळवी शताब्दीची वाट पाहत नाही.