बाल्डरचा मारेकरी कोण?

‘एडा’ हा नॉर्स लोकांचा धर्मग्रंथ असल्यासारखा शिकवला जातो, यास आमचा आक्षेप आहे. आइसलंडने ख्रिस्ती धर्म स्वीकारला तो इ. स. १००० च्या सुमारास. स्नोरी स्टुर्लुसनने गद्य ‘एडा’ रचली ती १२२० च्या आसपास. म्हणजे ओडिन, थोर यांची उघड पूजा थांबून दोन शतके लोटल्यावर एका ख्रिस्ती कायदेपंडिताने त्यांच्या कथा लिहून काढल्या. कशासाठी? तरुण कवींना जुनी काव्यभाषा कळावी म्हणून. त्या काव्यात सोन्याला ‘सिफचे केस’ म्हणत. लोकीने सिफचे केस कापले आणि मग बुटक्यांकडून सोन्याचे घडवून आणले, ही कथा ठाऊक नसेल तर ती ओळ मुकीच राहते. देव टिकले ते अलंकारांच्या आश्रयाने!

हे ध्यानात घेतले की लोकीविषयीचा आपला ठाम निवाडा डळमळतो. आंधळ्या होडरच्या हाती मिस्लटो या बांडगुळाची डहाळी देऊन बाल्डरचा घात करवणारा लोकी सविस्तर भेटतो तो स्नोरीकडे. ‘व्होलुस्पा’ या जुन्या काव्यात ती फेकतो होडर. पुढे लोकीसारखा कुणी बंधनात दिसतो. मधला दुवा श्रोत्याने जुळवायचा. डॅनिश सॅक्सोच्या लॅटिन इतिहासातील या प्रसंगात तर लोकी नाहीच. तेथे नान्नावरून जडलेले वैर आहे आणि तलवारीचा वार. तरीही ‘लोकीचे स्वभावचित्र रेखाटा’ असे आपण बिनदिक्कत विचारतो. विचारायचेच, तर कोणाचा लोकी, एवढे तरी प्रश्नपत्रिकेत लिहावे.