त्या 44 फ्रेम्स कुणाच्या?

‘1895 ची कुस्ती, फोर के, 60 फ्रेम्स, रंगीत!’ असली क्लिप ग्रुपवर पडली की खाली ‘काल शूट केल्यासारखं वाटतं’ असा पाऊस सुरू होतो. वाटणारच. त्यातलं बरंचसं कालच तयार झालंय.

1 नोव्हेंबर 1895 ला बर्लिनच्या विंटरगार्टनमध्ये स्क्लादानोव्स्की बंधूंनी तिकीट लावून फिल्म्स दाखवल्या. ल्युमिएरांच्या पॅरिसमधल्या खेळाच्या जवळपास दोन महिने आधी. त्यात एक कुस्तीही होती. त्यांच्या यंत्रात दोन पट्ट्या असत. एक फ्रेम इकडची, एक तिकडची, सेकंदाला साधारण 16. आता त्याच्या 60 करायच्या म्हणजे दर सेकंदाला 44 चित्रं अशी, जी कुठल्याच कॅमेऱ्याने कधी टिपली नाहीत.

मी स्वतः कोड लिहून पोट भरतो, तेव्हा यंत्रावर राग नाही. दोन फ्रेम्समध्ये कुठला ठिपका कुठे सरकला असेल, याचा अल्गोरिदम अंदाज बांधतो. स्टेशनात येणाऱ्या आगगाडीला ते चालून जातं. कुस्तीत दोन उघडी अंगं एकमेकांत गुंतलेली. एक हात पाठीमागे गेला आणि पुढच्या फ्रेममध्ये मांडीखालून निघाला. तो कुणाचा? यंत्र मधे काहीतरी मऊ, वितळलेलं भरून मोकळं होतं. नेमका तिथेच तर डाव पडतो! आखाड्यात चार दिवस घालवलेल्या माणसाला ती पकड पाहून हसू येईल.

‘पण त्यामुळे तरुण बघतात तरी’ हा युक्तिवाद मला आपला अपमान वाटतो. मूळ फिल्म काही सेकंदांची आहे, रीलपेक्षा छोटी. तेवढे झटके सोसतील की आपले डोळे.

आणि आपल्याकडे तर मूळच नाही. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी 1899 मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती चित्रित केली. कॅमेरा विलायतेहून मागवलेला, फिल्म धुवायलाही लंडनलाच गेली. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ यायला अजून 14 वर्षं होती. ती कुस्ती आज उरलेली नाही. उद्या कुणीतरी चार ओळींचा प्रॉम्प्ट टाकून ती ‘परत आणेल’. लाल माती, पिळदार दंड, मागे हलगी. कदाचित सुंदरही दिसेल. फक्त त्यातल्या दोघांना पुंडलिक आणि कृष्णा म्हणू नका.