वेड्या अरबाचे पुस्तक आणि आपले शहाणपण

जे पुस्तक कधी लिहिलेच गेले नाही, ते जगभर गाजते. जी पुस्तके खरोखर लिहिली गेली, ती आपल्यात कुणी उघडत नाही. हे दुखणे आपले आहे, म्हणून त्यावर आपणच बोलायला हवे.

'नेक्रोनॉमिकॉन' हे नाव इंग्रजी भयकथा वाचणाऱ्यांना ठाऊक असते. भूत, वर्तमान आणि भविष्य ज्यांच्यासाठी एकच आहेत, अशा काळापलीकडच्या शक्तींची गुपिते सांगणारा हा म्हणे आठव्या शतकातला अरबी ग्रंथ. प्रत्यक्षात तो एच. पी. लव्हक्राफ्ट या अमेरिकन लेखकाने १९२० च्या दशकात आपल्या कथांसाठी कल्पिला. त्याचा कर्ता म्हणून 'अब्दुल अलहजरेद' नावाचा 'वेडा अरब' उभा केला आणि दमास्कसमध्ये इ.स. ७३८ साली त्याला मारूनही टाकले. हे नाव अरबी व्याकरणातच बसत नाही. 'अब्दुल'मध्ये 'अल' आधीच आहे, पुढे पुन्हा 'अल' कशाला? मदरशातले पोरही ही चूक पकडेल. तरी अनेकांनी ग्रंथ खरा मानला. १९७७ मध्ये न्यूयॉर्कमध्ये त्या नावाचे पुस्तक छापूनसुद्धा निघाले.

अरब म्हटला की वेडा, मांत्रिक आणि भयानक, या पूर्वग्रहावर टीका व्हायलाच हवी. पण लव्हक्राफ्ट निदान कथा लिहीत होता आणि हा ग्रंथ आपण रचलेला आहे, हे त्याने पत्रांतून सांगितलेही होते. आपले काय?

आपल्या मोबाइलवर येणारे संदेश आठवा. कुरआनमध्ये अल्लाहच्या एका दिवसाची तुलना हजार वर्षांशी केली आहे, म्हणजे आइन्स्टाइनचा सापेक्षतावाद आपल्याकडे आधीच होता! कुठल्याशा मुस्लिम विद्वानाने काळाचे सारे रहस्य लिहून ठेवले होते, ते युरोपने चोरले! ग्रंथाचे नाव नाही, हस्तलिखित कुठे आहे याचा पत्ता नाही. 'सुब्हानल्लाह' लिहून आपण तो संदेश पुढे ढकलतो. पुराणात विमाने शोधणाऱ्यांना हसायचे आणि तेच काम स्वतः करायचे, हा कुठला न्याय? कुरआन हिदायतीचा ग्रंथ आहे. त्याला भौतिकशास्त्राचे गाईड बनवणाऱ्यांनी एवढाच विचार करावा, की उद्या विज्ञानाचा सिद्धांत बदलला, तर आयतीचा अर्थही बदलणार काय?

आता खऱ्या पुस्तकांकडे या. अल-बैरूनीने इ.स. १००० च्या सुमारास वेगवेगळ्या लोकांच्या कालगणनांवर मोठा ग्रंथ लिहिला. पुढे भारतावरच्या ग्रंथात त्याने युगे, कल्प आणि इथल्या पंचांगाची गणिते तपशिलाने मांडली. सावल्यांवरच्या ग्रंथात त्याने एका धार्मिक गृहस्थाची गोष्ट सांगितली आहे. नमाजची वेळ दाखवणारे एक उपकरण त्याने नाकारले, कारण त्यावर रूमी, म्हणजे बायझंटाइन, महिने कोरले होते. रूमी लोक जेवतातही, मग तिथेही त्यांचे अनुकरण नको, असा टोला बैरूनीने हाणला. हजार वर्षांपूर्वीचा हा टोला आजही आपल्याला लागतो.

ज्या दमास्कसमध्ये लव्हक्राफ्टने आपला वेडा अरब मारला, तिथल्याच उमय्या मशिदीत चौदाव्या शतकात इब्न अल-शातिर हा 'मुवक्कित' होता. नमाजच्या वेळा गणिताने काढणे, हे त्याचे काम. १३७१ च्या सुमारास त्याने मशिदीच्या मिनारासाठी संगमरवरी सूर्यघड्याळ बनवले. चंद्राच्या गतीचे त्याचे गणित कोपर्निकसच्या गणिताशी विलक्षण जुळते, हे अभ्यासकांनी १९५० च्या दशकात दाखवून दिले. पृथ्वी मात्र त्याने मध्यभागीच ठेवली होती. हेही सांगायला हवे, कारण खऱ्या माणसाला मर्यादा असतात. मर्यादा नसतात त्या फक्त कल्पित ग्रंथांना. म्हणूनच ते आपल्याला आवडतात. त्यांची भाषा शिकावी लागत नाही, गणित सोडवावे लागत नाही, फक्त अभिमान बाळगला की झाले.

गझालींनी अकराव्या शतकाच्या अखेरीस लिहिले, की काळ हा जगाबरोबरच निर्माण झाला. पुढच्या शतकात इब्न रुश्दने त्यांना ग्रंथ लिहूनच उत्तर दिले. काळ अनादी आहे की निर्मित, यावर असा उघड वाद घालणाऱ्यांचे आपण वारस म्हणवतो आणि मोहल्ल्यात साधा प्रश्न विचारणाऱ्या मुलाला 'जास्त डोकं चालवू नकोस' म्हणून गप्प करतो.

आज मशिदीच्या भिंतीवर वेळापत्रक टांगलेले असते. त्यातली असरची वेळ कशी काढली, हे किती जणांना सांगता येईल? कोकणातले शाफई आणि देशावरचे हनफी यांच्या असरमध्ये जो फरक पडतो, तो सावलीच्या मापाचा आहे. भर दुपारची सावली सोडून शाफईंना काठीच्या लांबीएवढी सावली पुरते, हनफींना दुप्पट लागते. एक काठी, एक अंगण आणि एक दुपार, एवढ्या सामानावर दहा वर्षांच्या मुलीला हे शिकवता येते. त्यातून तिला भूमिती कळेल, सूर्याची चाल कळेल आणि दोन मतांचे लोक दोन्हीकडून बरोबर असू शकतात, हेही कळेल.

सूरह अल-अस्रची सुरुवातच काळाच्या शपथेने होते आणि माणूस तोट्यात असल्याचा इशारा लगेच येतो. तीन आयतींची ही सूरह आपल्या बहुतेकांना पाठ आहे. तेव्हा पुढच्या वेळी 'प्राचीन ग्रंथाचा' संदेश आला, की पाठवणाऱ्याला तीन प्रश्न विचारा: ग्रंथाचे नाव काय, त्याची प्रत कुठे आहे आणि तुम्ही तो वाचला आहे का? उत्तर आले नाही, तर संदेश पुसा आणि मुलांना घेऊन काठी रोवायला अंगणात जा.