दारूवाचून तेरियाकी



मागच्या महिन्यात मी थोरल्या बहिणीकडे खर्ड्याला गेले होते. खर्डा म्हणजे जामखेड तालुक्यातले, १७९५ साली मराठे आणि निजाम यांची लढाई झाली ते गाव. तिथला भुईकोट किल्ला पुष्कळांनी पाहिला असेल. पण आपल्या बायकांना खर्डा म्हटले की लढाई आठवत नाही. तव्यावर मिरच्या आणि लसूण परतून रगडलेला खर्डा आठवतो, भाकरीच्या कडेला बोटभर. या वेळी त्या गावात मी एक निराळेच कालवण शिकले. त्याचे नाव तेरियाकी. ते शिकताना घरात जे घडले, ते सांगितल्याशिवाय कृती पुरी होणार नाही, म्हणून आधी ते सांगते.

अक्काचा मुलगा पुण्याला एका हॉटेलात कामाला आहे. बारावी होऊन गेला तेव्हा भांडी घासायला लागला. मग कांदे चिरायला बसला. आता सहा वर्षांनी शेगडीपाशी उभा राहतो. चाकणच्या बाजूला जपानी कारखाने आहेत, त्यांचे साहेब लोक जेवायला येतात, म्हणून त्या हॉटेलात जपानी पदार्थही होतात. पोरगा सुट्टीवर आला की दोन दिवस झोपतो आणि तिसऱ्या दिवशी एस.टी.त बसतो. सहा वर्षांत त्याच्या हातचा घास आईने खाल्ला नव्हता. या वेळी तोच म्हणाला, "आई, उद्या तू सैपाकाला हात लावू नको. मी करतो."

अक्काला आनंद झाला. काय काय लागते ते तिने विचारले. कोंबडी, आले, लसूण, सोया सॉस असे सांगता सांगता तो म्हणाला, "आणि जामखेडहून एक लहान बाटली वाइन आणतो. जपानी लोक तांदळाची दारू घालतात, ती इथं मिळायची नाही."

अक्काने हातातला उलथना खाली ठेवला. "या उंबऱ्याच्या आत बाटली येणार नाही."

"अगं, प्यायची नाही. कालवणात घालायची. उकळताना उडून जाती ती."

"तुझा बापबी म्हणायचा, उद्या सोडतो."

पुढे कोणी बोलले नाही. माझे मेहुणे दारूपायी गेले त्याला अकरा वर्षे झाली. पाचवे शील आपण विहारात म्हणतो. अक्काने ते घरात सोसले आहे. पण पोराचेही तोंड उतरले. तो म्हणाला, "मावशी, त्याच्याशिवाय ती तेरियाकी होत नाही. आमच्यात हसतील." मी म्हटले, "तुमच्यातले कोणी उद्या इथे जेवायला येणार आहे का?" तो थोडा हसला. मग आम्ही दोघे बसलो आणि दारू या पदार्थात काय काम करते, ते एकेक करून काढले. काम कळले की दुसरा कामकरी शोधता येतो.

जपानी भाषेत 'तेरी' म्हणजे चकाकी आणि 'याकी' म्हणजे भाजलेले. भाजलेल्या तुकड्याला चकाकी येईपर्यंत गोड-खारट रस चढवायचा, ही तेरियाकी. जपानात या रसात चारच जिनसा पडतात: सोया सॉस, साखर, 'साके' ही तांदळाची दारू आणि 'मिरिन' हे तांदळाचे गोड मद्य. मिरिनमध्ये साधारण १४ टक्के मद्यांश असतो. ही दोन्ही मद्ये तीन कामे करतात. माशा-मटणाचा उग्र वास मारतात, गोडी देतात आणि चकाकी आणतात. यातले एकही काम असे नाही, की जे आपल्या घरातल्या जिनसांनी होणार नाही. वास मारायला आले आणि थोडे व्हिनेगर. गोडी आणि चकाकी दोन्हींना गूळ.

आणि उकळताना दारू उडून जाते म्हणतात, ते अर्धेच खरे आहे. काही उडते, सगळी उडत नाही. पंधरा मिनिटे शिजवलेल्या कालवणात घातलेल्यापैकी चाळीस टक्क्यांच्या आसपास मद्यांश उरतो, असे अमेरिकेतल्या मोजणीत दिसले आहे. तेव्हा अक्काचे म्हणणे नुसते भावनेचे नव्हते. तसे खरे बोलायचे तर आंबवलेल्या सोया सॉसमध्येही किंचित मद्यांश आपोआप तयार होतो. पावाच्या पिठातही होतो. पण त्यासाठी कोणी गुत्त्याची पायरी चढत नाही, आणि सोडलेल्या माणसाला त्या बाटलीची आठवणही होत नाही. ज्या घरात कोणी दारू सोडली आहे, तिथे हा फरक मोठा असतो.

सॉसची कृती (चार माणसांसाठी)

सोया सॉस अर्धी वाटी, पाणी अर्धी वाटी, किसलेला गूळ अर्ध्या वाटीला थोडा कमी (साधारण ६० ग्रॅम), किसलेले आले एक लहान चमचा, ठेचलेला लसूण दोन पाकळ्या, व्हिनेगर एक लहान चमचा. व्हिनेगर नसेल तर अर्ध्या लिंबाचा रस शेवटी, खाली उतरवल्यावर. शिवाय कॉर्नफ्लोअर एक लहान चमचा, दोन मोठे चमचे थंड पाण्यात कालवून.

आधी गूळ पाण्यात विरघळवून गाळून घ्या. गुळात कचरा असतो, तो चकाकी घालवतो. गाळलेल्या पाण्यात सोया सॉस, आले, लसूण, व्हिनेगर घालून मंद आचेवर पाच-सहा मिनिटे उकळू द्या. वर फेस आला तर काढून टाका. मग कॉर्नफ्लोअरचे पाणी पुन्हा ढवळून हळूहळू ओता आणि सारखे हलवत राहा. मिनिटभरात सॉस दाटेल. चमच्याच्या पाठीवर बोट ओढले आणि रेघ तशीच राहिली, की उतरवा. गार झाल्यावर तो आणखी दाटतो, म्हणून चुलीवर फार दाट करू नका. मीठ अजिबात घालायचे नाही.

हॉटेलातला सॉस दाट आणि चकचकीत दिसतो तो याच कॉर्नफ्लोअरमुळे. जुन्या पद्धतीत ते नसते, रस नुसता आटवतात. तुम्हाला वेळ असेल तर कॉर्नफ्लोअर गाळा आणि दहा-बारा मिनिटे जास्त आटवा.

कोंबडी कशी करावी

तंगडीचे मांस घ्या. छातीचे कोरडे पडते. तुकडे धुऊन फडक्याने कोरडे करा. ओल्या तुकड्याला पाणी सुटते आणि तो भाजण्याऐवजी शिजतो. लोखंडी तव्यावर दोन चमचे तेल घालून तुकडे दोन्ही बाजूंनी तांबूस करा. मग झाकण ठेवून आतपर्यंत शिजू द्या. टोचून पाहिले की पाणी पांढरे निघाले पाहिजे, लाल नको. आता तव्यावरचे जास्तीचे तेल काढून टाका, आच मंद करा आणि मगच सॉस ओता. तुकडे दोन-तीन मिनिटे उलटेपालटे करा. बुडबुडे मोठे आणि सावकाश येऊ लागले की चकाकी आली समजा. वरून भाजलेले तीळ टाका.

भाचा म्हणाला, नवीन पोरे एकच चूक करतात: सॉस आधी ओततात. गूळ-साखर मांस शिजण्याच्या आत करपते आणि सगळे कडू होते. आधी मांस, मग सॉस, हे विसरू नका.

कोंबडी परवडत नसेल त्या दिवशी वांग्याच्या जाड चकत्या अशाच भाजून करा. जपानातही वांगे असे करतात. भिजवून पिळलेल्या सोयाबीनच्या वड्याही छान लागतात. उजनीचा रोहू किंवा कटला बाजारात आला तर त्याचे काप करा. तेरियाकी मुळात माशाचीच.

बाटली वाचून घ्या

चायनीजच्या गाड्यांमुळे सोया सॉस आता तालुक्याच्या कुठल्याही मोठ्या किराणा दुकानात मिळतो. खरा सोया सॉस सोयाबीन आणि भाजलेला गहू यांना बुरशी लावून, मिठाच्या पाण्यात महिनोन् महिने आंबवून करतात. स्वस्त सॉस पुष्कळदा आम्लाने थोड्या दिवसांत केलेला आणि रंग घातलेला असतो. बाटलीवर काय लिहिले आहे ते मुलांकडून वाचवून घ्या. आंबवलेला परवडला तर तो घ्या. आणि एक सावधगिरी: एका मोठ्या चमचाभर सोया सॉसमध्ये दोन ग्रॅमहून जास्त मीठ असते. माणसाने दिवसाला सगळे मिळून पाच ग्रॅमपेक्षा कमी मीठ खावे असे जागतिक आरोग्य संघटना सांगते. घरात रक्तदाबाचे माणूस असेल तर त्याच्या ताटात चमचाभरच सॉस वाढा, आणि त्या दिवशी पापड-लोणचे नको. उरलेला सॉस काचेच्या स्वच्छ बाटलीत फ्रिजमध्ये आठवडाभर राहतो. फ्रिज नसेल तर लागेल तेवढाच करावा. कच्चे मांस बुडवलेला सॉस पुन्हा बाटलीत भरू नये.

आता भाच्याच्या शंकेबद्दल, की आपली तेरियाकी खरी की खोटी. आले-लसूण घातलेली तेरियाकी आज जगभर हॉटेलांत मिळते. ती हवाई बेटांवर गेलेल्या जपानी मजुरांनी घडवली असे मानतात. १८८५ पासून करारावर हजारो जपानी माणसे तिथे उसाच्या मळ्यांत राबायला गेली. आपल्या जामखेड-पाथर्डी-बीड भागातून कोयता घेऊन कारखान्यावर जातात, तशीच. घरची जिन्नस तिथे मिळेना, तेव्हा हाताशी होती ती साखर, आले, लसूण आणि अननसाचा रस घालून त्यांनी कालवण जमवले. ऊस तोडणाऱ्यांनी केलेला बदल जर खरा ठरतो, तर अक्काच्या चुलीवरचा गूळ खोटा कसा?

तेरियाकी मुळात माशाची, त्यालाही कारण आहे. जपानात ६७५ साली राजाज्ञेने गाय, घोडा, कोंबडी यांसारखी काही मांसे वर्ज्य ठरली. पुढे कातडे सोलणाऱ्या आणि जनावरे कापणाऱ्या लोकांना अशुद्ध म्हणून वस्तीबाहेर ठेवले. कायद्याने तो भेद १८७१ साली मिटला, मनातून मिटला नाही. तेव्हा त्या लोकांनी १९२२ साली क्योतोला 'सुइहेइशा' ही आपली संघटना उभी केली. त्यांच्यात मांस वाळवून ठेवण्याची रीत आहे, त्याला 'साइबोशी' म्हणतात. आपल्या जुन्या माणसांना चान्या आठवतील. आपल्याकडचे हे सगळे खाणे शाहू पाटोळे यांनी 'अन्न हे अपूर्णब्रह्म' या २०१५ सालच्या पुस्तकात लिहून ठेवले आहे. लाजून विसरण्यापेक्षा लिहून ठेवणे बरे.

तर दुसऱ्या दिवशी तेरियाकी झाली. तुकडे आरशासारखे चमकत होते. भाच्याने आईचे ताट आधी वाढले आणि समोर उभा राहिला, हॉटेलात उभा राहतो तसा. अक्काने एक घास खाल्ला, दुसरा खाल्ला. म्हणाली, "ग्वाड हाय. थोडा खर्डा दे." आणि खर्ड्याशी लावून तिने दोन भाकरी खाल्ल्या. सांगायला हरकत नाही, ती जोडी फार चांगली लागते.

मग तिने पोराला हाताला धरून खाली बसवले. तो जेवता जेवता म्हणाला, "मावशी, तिथं रोज चाळीस-पन्नास प्लेटा करतो. चमच्याच्या टोकावर चव बघतो तेवढीच. आम्हाला जेवायला डाळ-भात असतो. ताटात घेऊन आजच खाल्ली."

अक्का काही बोलली नाही. तव्यात दोन तुकडे राहिले होते, ते तिने त्याच्या ताटात घातले.

तुमच्याही घरातले कोणी दुसऱ्यासाठी रांधायला शहरात गेले असेल. सुट्टीवर आले की विचारा, तिथे काय करतोस. एक दिवस चूल त्याच्या हाती द्या. आणि त्याला बसवून वाढा.