शिक्षा झाली, पण चौकशी झाली का?



मागे आमच्या शाळा व्यवस्थापन समितीची सभा संपल्यावर चहा घेताना विषय निघाला. कुठल्याशा शिक्षकाच्या निलंबनाची बातमी मोबाईलवर फिरत होती. तारापूर एमआयडीसीत नोकरीला असलेले एक पालक म्हणाले, "मॅडम, तुमचं बरं असतं. सस्पेंड झालं तरी कोर्टात जायचं आणि परत यायचं!" दुसरे म्हणाले, "मग सरळ काढूनच का टाकत नाहीत?" मी हसून वेळ मारून नेली. पण बेटेगावातून घरी जाताना वाटलं, या प्रश्नांचं नीट उत्तर द्यायला हवं.

पहिली गोष्ट म्हणजे निलंबन ही शिक्षा नाही. चौकशी होईपर्यंत कर्मचाऱ्याला कामापासून दूर ठेवणं, एवढाच त्याचा अर्थ. या काळात निर्वाह भत्ता मिळतो. जिल्हा परिषदेच्या शिक्षकांना १९६४ चे शिस्त व अपील नियम लागू आहेत. ठपका ठेवण्यापासून वेतनवाढ रोखणे, पदावनती, बडतर्फीपर्यंतच्या शिक्षा त्यात आहेत. मोठी शिक्षा द्यायची तर आधी दोषारोपपत्र, त्यावर उत्तर, साक्षीदार, उलटतपासणी आणि चौकशी अहवाल हे सगळं व्हावं लागतं. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांनी शिक्षा दिली, तर आपल्या पालघरच्या कर्मचाऱ्याचं अपील कोकण विभागीय आयुक्तांकडे जातं. तिथेही समाधान झालं नाही, तर उच्च न्यायालयात रिट याचिका.

कोर्टात गेलं की सुटका, असं मात्र मुळीच नाही बरं का. १९९५ च्या बी. सी. चतुर्वेदी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की कोर्ट हे अपिलाचं ठिकाण नाही, ते पुरावा नव्याने तोलत बसणार नाही. आपल्या भाषेत सांगायचं तर कोर्ट उत्तरपत्रिका पुन्हा तपासत नाही, परीक्षा नियमाने झाली का ते पाहतं. शिक्षा धक्का बसावा इतकी अवाजवी असेल, तरच त्यात हात घालतं.

आणि परीक्षाच नियमाने झाली नसेल तर? सरकारी मालकीच्या भारत गोल्ड माइन्स कंपनीत एम. पॉल अँथनी हे सुरक्षा अधिकारी होते. निलंबनकाळात त्यांना निर्वाह भत्ताच मिळाला नाही. पैशाअभावी आणि आजारपणामुळे ते चौकशीला जाऊ शकले नाहीत. चौकशी त्यांच्या गैरहजेरीत उरकली आणि नोकरी गेली. १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती चौकशी टिकू दिली नाही.

आपल्या महाराष्ट्रातलं उदाहरण तर शाळेचंच आहे. दीपाली गुंडू सुरवसे या खासगी प्राथमिक शाळेतल्या शिक्षिका. खासगी शाळांना १९७७ चा वेगळा कायदा आहे, त्यामुळे त्यांचं अपील शाळा न्यायाधिकरणाकडे गेलं. २००९ मध्ये न्यायाधिकरणाने त्यांना काढल्याचा आदेश रद्द करून मागचा पूर्ण पगार द्यायला सांगितलं. उच्च न्यायालयाने तो पगार नाकारला. अखेर २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो परत मिळवून दिला. निकाल बाजूने लागला, पण मधली वर्षं कोण परत देणार?

म्हणून पालकहो, "आजच्या आज काढून टाका" असा आग्रह धरताना थोडा विचार करा. घाईने दिलेली शिक्षा कोर्टात टिकत नाही. शिक्षक निर्दोष असेल तर त्याच्या घरादाराचे हाल होतात. खरंच दोषी असेल तर आपल्या घाईमुळे तो सुटण्याची वाट मोकळी होते. मागचा पगार द्यायची वेळ आली, तर तोही तुमच्या-आमच्या करातूनच जातो. तक्रार असेल तर लेखी द्या, तारीख घाला, पोच घ्या आणि चौकशीला बोलावलं की साक्ष द्यायला नक्की जा. मुलाच्या सुरक्षेचा प्रश्न असेल तर पोलिसांत लगेच जा, तिथे थांबू नका.

आणि शिक्षक मित्रहो, आपलंही चुकतं. कारणे दाखवा नोटीस आली की "घ्यायचीच नाही" असं सांगणारे सल्लागार प्रत्येक केंद्रात भेटतात. तसं करू नका. नोटीस घ्या, मुदतीत लेखी उत्तर द्या, कागदपत्रांच्या प्रती मागा, चौकशीला हजर राहा. चौकशी अहवालाची प्रत मिळणं हा आपला हक्क आहे, हे १९९३ च्या बी. करुणाकर निकालाने पक्कं केलंय. जे चौकशीत मांडलं नाही, ते पुढे कोर्टात मांडणं फार अवघड जातं.

काहीजण म्हणतील, एवढ्या नियमांमुळेच दोषी मोकाट सुटतात. पण प्रक्रियेत चूक निघाली की प्रत्येक वेळी माणूस निर्दोष ठरतो असं नाही. बऱ्याचदा कोर्ट चुकलेल्या टप्प्यापासून चौकशी पुन्हा करायला सांगतं. दोष नियमांचा नसतो, ते न पाळण्याचा असतो.

पहिलीच्या वर्गात रोज कुणीतरी उठून सांगतं, "बाई, यानं माझी पेन्सिल घेतली." तेव्हा आपण लगेच शिक्षा करतो का? आधी दुसऱ्याला विचारतो, "काय रे, घेतलीस का? तुझं काय म्हणणं आहे?" मग दप्तर बघतो. सहा वर्षांच्या मुलाला जो न्याय आपण देतो, तोच मोठ्यांनाही मिळावा. एवढंच माझं म्हणणं आहे.