परवान्यावरचे एकत्र कुटुंब

भावंडांची भांडणे ही काही नवी गोष्ट नव्हे. ती पतंगाच्या मांज्यावरून होत, कॅरमच्या स्ट्रायकरवरून होत आणि बॅटीवरून तर हमखास होत. परंतु त्या भांडणांत 'पावती कोणाच्या नावावर आहे?' हा प्रश्न कधी निघत नसे. कॅरमबोर्ड घरात आला की तो घराचा झाला. थोरल्याने आपल्या पैशाने आणला असला तरी धाकटा त्यावर हक्काने बसे, आणि शेजारचा मुलगाही चौथा गडी म्हणून सामील होई. आज संगणकावरचे खेळ विकत घेणाऱ्या घरांत मात्र नावाचा हा प्रश्न सर्वांत आधी उभा राहतो. आपल्यापैकी अनेकांच्या घरी तो उभा राहिला असेल. तांत्रिक बिघाड म्हणून आपण तो सोडून देतो. पण वाणिज्य शाखेच्या विद्यार्थ्याला त्यात बिघाडापेक्षा व्यवहारच जास्त दिसतो.

उदाहरणासाठी 'स्टीम' हे दुकान घेऊ. अमेरिकेतील व्हॉल्व्ह कंपनीने ते 2003 साली सुरू केले. खेळाची तबकडी हाती न देता तो खात्यावर जमा करायचा आणि ग्राहकाने डाउनलोड करून खेळायचा, ही त्याची पद्धत. 2015 पासून तेथे रुपयांत किंमत दिसू लागली आणि आपल्याकडच्या मुलांनाही हे दुकान जवळचे झाले. पण खाते एका माणसाचे असते आणि घरात माणसे चार असतात. मग काय करायचे? बहुतेक घरांत सोपा मार्ग निघाला, एकच पासवर्ड सर्वांना. त्याचे परिणामही लगेच दिसू लागले. एका खात्यावर एकजण खेळत असताना दुसऱ्याने दुसऱ्या संगणकावर खेळ सुरू केला की पहिल्याचा डाव बंद पडतो. थोरल्या बहिणीने महिनाभर खपून गाठलेल्या टप्प्यावर धाकट्याचा नवा डाव येऊन बसतो. दोष यंत्राचा नसतो. एका माणसाच्या खात्यात चौघांनी हात घातलेला असतो.

यावर कंपनीने पहिला उपाय 2013 साली जाहीर केला आणि 2014 मध्ये सर्वांना खुला केला. आपला संग्रह दुसऱ्या पाच खात्यांना वापरू द्यावा, अशी ती सोय होती. पण तिच्यात एक विचित्र अट होती. मालकाने संग्रहातील कोणताही एक खेळ सुरू केला की उसना घेणाऱ्याला साऱ्या संग्रहाचे दार बंद! म्हणजे दादाने कपाटातून एक पुस्तक काढले की धाकट्याने दुसरे पुस्तक वाचायचे नाही. 'खेळता खेळता मध्येच बंद का पडले?' या तक्रारीचे मूळ या अटीत होते. 2024 च्या सप्टेंबरात ही पद्धत बदलून 'स्टीम फॅमिलीज' ही नवी योजना पूर्णपणे लागू झाली. आता एका कुटुंबात सहा खाती असू शकतात, प्रत्येकाची प्रगती त्याच्याच नावावर राहते आणि दोघे एकाच वेळी दोन वेगवेगळे खेळ खेळू शकतात. सुधारणा चांगली आहे, हे प्रांजळपणे मान्य केले पाहिजे.

तरीही तक्रारी संपलेल्या नाहीत. मुख्य तक्रारी चार प्रकारच्या आहेत.

पहिली, भावाच्या संग्रहातला अमुक खेळ मला दिसत नाही. याचे कारण असे की खेळ बनवणाऱ्याला आपला खेळ या सोयीतून वगळण्याची मुभा आहे. आणि ज्या खेळाला दुसऱ्या कंपनीचे वेगळे खाते किंवा वर्गणी लागते, तोही बहुधा वाटता येत नाही. दुकानातील खेळाच्या पानावर ही सोय आहे की नाही हे लिहिलेले असते. पैसे भरण्यापूर्वी ती ओळ वाचावी, एवढाच यावर उपाय.

दुसरी, दोघांना एकच खेळ एकाच वेळी हवा असतो. घरात प्रत एक असेल तर खेळणारा एकच. दोघांनी मिळून खेळायचे असेल तर दुसरी प्रत घ्यावी लागते.

तिसरी तक्रार जरा गंभीर आहे. कुटुंबातील कोणी दुसऱ्याच्या प्रतीवर खेळताना लबाडी केली व पकडला गेला, तर त्या खेळापुरती बंदी त्याच्यावर येते आणि प्रतीच्या मालकावरही येते. करावे एकाने आणि भरावे दुसऱ्याने, असा हा न्याय आहे.

चौथी, प्रौढ सदस्य एक कुटुंब सोडून गेला तर पहिल्या कुटुंबात आल्या दिवसापासून एक वर्ष होईपर्यंत त्याला दुसऱ्या कुटुंबात जाता येत नाही. त्याची रिकामी जागाही तेवढ्याच मुदतीपर्यंत अडून राहते. म्हणजे घाईने एखाद्या मित्राला आत घेतले तर सख्ख्या बहिणीसाठी वर्षभर थांबण्याची पाळी येऊ शकते.

या अटींमागे कंपनीची काही बाजू आहे की नाही? आहे. पुस्तक उसने दिले की देणाऱ्याचे कपाट तेवढे रिकामे होते. संगणकावरच्या प्रतीचे तसे नाही. ती अटीविना वाटली तर एक प्रत शंभर घरे फिरेल आणि ज्यांनी वर्षानुवर्षे खपून खेळ बनवला, त्यांच्या हाती काय पडेल? म्हणून 'एक प्रत, एक खेळाडू' हा नियम मला न्याय्य वाटतो. वर्षाच्या मुदतीचेही प्रयोजन समजते. ती नसती तर कुटुंबातील जागांचा बाजार मांडला गेला असता. माझा आक्षेप वेगळा आहे. पैसे घेताना विक्रेत्यासारखे वागायचे आणि हक्काचा प्रश्न निघाला की भाडेकरूचे नियम दाखवायचे, हे व्यवहाराला धरून नाही.

आपण वर्गात 1930 चा मालविक्री कायदा शिकतो. किंमत घेऊन मालाची मालकी ग्राहकाकडे जाते, ती विक्री. मालकी ज्याची, तो वस्तू वापरील, देईल, विकील, मुलाबाळांसाठी ठेवील. येथे पडद्यावर 'खरेदी करा' असे बटण असते, पण करारात लिहिलेले असते की तुम्हाला मिळतो तो केवळ वापराचा परवाना. आणि खाते विकता येत नाही की दुसऱ्याच्या नावे करताही येत नाही. या विसंगतीकडे कायद्याचेही लक्ष गेले आहे. अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याने 2024 मध्ये कायदा केला आणि तो 1 जानेवारी 2025 पासून अमलात आला. डिजिटल वस्तूचा केवळ परवाना मिळत असेल तर ग्राहकाला तसे स्पष्ट सांगितले पाहिजे, असे तो म्हणतो. फ्रान्समध्ये एका ग्राहक संघटनेने व्हॉल्व्हविरुद्ध दावा लावला. 2019 साली पॅरिसच्या न्यायालयाने वापरलेले खेळ पुन्हा विकण्याचा ग्राहकाचा हक्क मान्य केला. 2022 साली वरच्या न्यायालयाने तो निकाल फिरवला. म्हणजे विद्वान न्यायाधीशांतही ज्यावर एकमत नाही, तो प्रश्न आपल्या घरातील दोन भावांनी सोडवावा अशी अपेक्षा आहे!

आणि 'कुटुंब' म्हणजे तरी कोण? कंपनी म्हणते, एका घरात राहणारे जवळचे सहाजण. आपल्या भागात घर मोजायची रीत चुलीवरून आहे. एका चुलीवरचे जेवणारे ते एका घरचे. शिक्षणासाठी आलेला मावसभाऊ चार वर्षे आपल्या चुलीवर जेवतो, तो घरचाच. उलट नोकरीसाठी पुण्याला किंवा बेंगळुरूला गेलेला सख्खा भाऊ एका घरात राहत नाही, म्हणून तो परका होतो काय? हिंदू कायद्यातील एकत्र कुटुंबाचा विचार ज्या 'मिताक्षरे'वर उभा आहे, ती विज्ञानेश्वराने कल्याणीच्या चालुक्यांच्या आश्रयाने लिहिली, म्हणजे आजच्या बिदर जिल्ह्यातील बसवकल्याण येथे. त्या विचारात सामायिक मालमत्ता सांभाळणारा कर्ता असतो, पण हक्क त्या एकट्याचा नसतो. खेळांच्या संग्रहात याच्या उलट आहे. हक्क ज्याच्या त्याच्या खात्याचा, आणि सामायिक राहते ती केवळ सवलत. कुटुंब सोडून जाणारा आपले खेळ बरोबर घेऊन जातो. घरात मागे काहीच उरत नाही.

आपल्या दोन्ही भाषा या बाबतीत किती बारकाईने बोलतात पाहा. मराठीत 'उसने' वेगळे आणि 'उधार' वेगळे. कन्नडमध्ये 'कड' निराळे, 'साल' निराळे. शेजारून वाटीभर साखर आणण्याला आणि सावकाराकडून रक्कम आणण्याला आपल्या आज्यांनी एक शब्द कधी वापरला नाही. पडद्यावर मात्र या सर्वांना मिळून एकच शब्द आहे, 'शेअर'. त्यात देणाऱ्याची जोखीम किती, घेणाऱ्याची जबाबदारी कोणती, काही कळत नाही. शब्द ढिला झाला की करारही ढिला वाटू लागतो, पण तो ढिला नसतो.

मग ग्राहकाने मुकाट्याने सोसावे काय? तसे मुळीच नाही. 2013 मध्ये मायक्रोसॉफ्टने नव्या एक्सबॉक्ससाठी वापरलेल्या खेळांच्या देवघेवीवर बंधने जाहीर केली तेव्हा ग्राहकांनी एवढी ओरड केली की त्याच जूनमध्ये कंपनीला ती मागे घ्यावी लागली. 2025 पासून निन्टेंडोने डाउनलोड केलेला खेळ कुटुंबातील माणसाला दोन आठवड्यांसाठी उसना देण्याची सोय केली. मुदत संपली की तो आपोआप मालकाकडे परततो. आपल्या ग्रंथालयाचाच हा नियम! तेव्हा 'तंत्र परवानगी देत नाही' ही सबब खरी नाही. इच्छा असली की तंत्र वाकते.

माझ्या मते तीन गोष्टी मागितल्या पाहिजेत. परवानाच मिळणार असेल तर 'खरेदी' हा शब्द वापरू नये, किंवा त्याच्या शेजारी तेवढ्याच ठळक अक्षरांत 'परवाना' असे लिहावे. लबाडीची शिक्षा लबाडी करणाऱ्यालाच व्हावी. आणि मालकाच्या मृत्यूनंतर त्याचा संग्रह वारसाला मिळावा; कारण ज्या वस्तूवर बापाने आयुष्यभर पैसे घातले, ती त्याच्याबरोबर नाहीशी होते, असे दुसऱ्या कोणत्या दुकानात घडते?

या मागण्या मान्य होतील तेव्हा होतील. तोवर घरात थोडी व्यवस्था आपणच लावली पाहिजे. खाते प्रत्येकाचे वेगळे असावे. त्याला पैसे पडत नाहीत. पासवर्ड कोणालाही देऊ नये, लाडक्या भावालासुद्धा. कुटुंबात कोणाला घ्यायचे ते सर्वांनी बसून ठरवावे, कारण दिलेला होकार वर्षभर निस्तरावा लागतो. कोणता खेळ कोणाच्या खात्यावर घ्यायचा आणि त्याचे पैसे कोणी किती घालायचे, हे वहीच्या एका पानावर लिहून ठेवावे. भावाभावांत हिशेब कसला, असे कोणी म्हणेल. पण हिशेब नसल्यामुळे तुटलेली भावकी आपण आपापल्या गावी पाहिलेली आहे, आणि तेथे बांध निदान डोळ्यांना दिसत होता.